अथणीत शिवलेला १९१२ सालचा अमेरिकन फुटबॉल

अथणीत कोल्हापुरी चपला करणाऱ्या एका घरातून मी आमच्या कॉलेजसाठी दोन वस्तू करून घेतल्या. एक, १९१२ सालच्या मापाचा अमेरिकन फुटबॉल. दुसरी, त्या काळचे खेळाडू डोक्याला बांधायचे तसलं चामड्याचं हेल्मेट. दोन्ही हातशिलाईच्या. बॉलवर मी मनापासून खूश आहे. हेल्मेट पास होण्यापुरतं झालं आहे. निपाणी, चिक्कोडी, बेळगाव, खानापूर भागातल्या पीटीच्या सर-मॅडमना असं काही करून घ्यायचं असेल तर काय मिळतं, काय मिळत नाही आणि कुठं जपायचं, ते सगळं लिहिते.

आधी हा बॉल कशाला हवा होता ते सांगते, नाहीतर त्याचं मोल कळायचं नाही.

आमच्याकडं फुटबॉल म्हणजे कोल्हापूरचा फुटबॉल. निपाणीहून कोल्हापूर चाळीसेक किलोमीटर. शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि खंडोबा तालमीची मॅच असली की आमची बरीच पोरं त्या दिवशी वर्गात दिसत नाहीत. हातात धरून पळायच्या खेळाला अमेरिकेत फुटबॉल म्हणतात, हे त्यांना पटतच नाही. पण ऑलिंपिकच्या इतिहासात जिम थॉर्प हा अमेरिकन खेळाडू त्यांना शिकावा लागतो. १९१२ च्या स्टॉकहोम ऑलिंपिकात पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉन, दोन्हीत सुवर्ण. पुढच्याच वर्षी, पूर्वी बेसबॉल खेळून थोडे पैसे घेतले होते म्हणून पदकं काढून घेतली. १९८३ मध्ये घरच्यांना प्रतिकृती मिळाल्या, आणि एकटा विजेता म्हणून त्याचं नाव परत लागलं ते २०२२ मध्ये. एवढं सगळ्यांचं पाठ असतं. स्टॉकहोमहून परतल्यावर त्याच वर्षी तो आपल्या शाळेच्या टीमचा कॅप्टन म्हणून कसला मोसम खेळला, त्याची आमच्या नोट्समध्ये एक ओळही नाही. मला तो मोसम पोरांना नीट शिकवायचा होता. आणि तो नुसता फळ्यावर शिकवून कळत नाही, हे माझं ठाम मत आहे.

ही टीम म्हणजे कार्लाइल इंडियन इंडस्ट्रियल स्कूल. पेनसिल्व्हेनियात, सैन्याच्या जुन्या बराकींत, रिचर्ड हेन्री प्रॅट या लष्करी अधिकाऱ्यानं १८७९ मध्ये काढलेली सरकारी निवासी शाळा. अमेरिकेच्या मूळ रहिवाशांची मुलं दूरदूरच्या मुलखांतून तिथं आणायची. आल्या आल्या केस कापायचे, कपडे बदलायचे, नाव बदलायचं आणि आपली भाषा बोलायची बंदी. टॉम टोर्लिनो या नवाहो मुलाचे शाळेत आला तेव्हाचा आणि तीन वर्षांनंतरचा असे दोन फोटो प्रसिद्ध आहेत, ते मी वर्गात दाखवले. माझ्या वर्गात मराठी घरची मुलं आहेत तशी कन्नड घरचीही आहेत. घरच्या भाषेला बंदी हे ऐकल्यावर दोन्हीकडची मुलं गप्प झाली. मग मागच्या बाकावरच्या एका मुलीनं विचारलं, "मॅडम, मग ती पोरं मैदानात एकमेकांना हाका कुठल्या भाषेत मारत होती?" मला तो प्रश्न फार आवडला. वेगवेगळ्या जमातींची मुलं होती ती. एकमेकांची भाषाही त्यांना येत नव्हती, इंग्रजीतच बोलावं लागत होतं. त्या शाळेच्या आवारात दीडशेहून जास्त मुलांना पुरलं होतं. हेही मी सांगितलं. हे वगळून नुसता स्कोअर सांगणं मला जमत नाही.

आता मोसम. चौदा सामने. बारा जिंकले, एक बरोबरीत सुटला, एक हरले. केलेले पॉइंट ५०४, दिलेले ११४. सप्टेंबर-ऑक्टोबरात लहान कॉलेजांना तर त्यांनी उभंच राहू दिलं नाही: अल्ब्राइट ५०-७, लेबनन व्हॅली ४५-०, डिकिन्सन ३४-०, व्हिलानोव्हा ६५-०. मग वॉशिंग्टन अँड जेफरसन या कॉलेजाशी ०-०. सिरॅक्यूजनं आदल्या वर्षी १२-११ असं एका पॉइंटनं हरवलं होतं, १९११ च्या मोसमातली कार्लाइलची ती एकमेव हार. या वर्षी सिरॅक्यूजला ३३-० असं धुतलं. २६ ऑक्टोबरला वॉशिंग्टन शहरात जॉर्जटाउनशी खेळून ३४-२० नं जिंकले आणि २८ तारखेला कॅनडात, टोरोंटोच्या मैदानावर हजर. तिथं ४९-१. मध्ये फक्त एक दिवस, आणि प्रवास आगगाडीचा. आमच्या मुलांना बेळगावला झोनलला न्यायचं तर आदल्या रात्रीपासून झोपेची तक्रार सुरू होते, म्हणून मी हे उदाहरण दर वर्षी देणार आहे. मोठे सामने बहुतेक परगावीच व्हायचे, कारण तिकिटांचा पैसा मोठ्या शहरांत होता.

९ नोव्हेंबरचा सामना वेस्ट पॉइंटला, आर्मीशी. आर्मी म्हणजे सैन्याचे अधिकारी तयार करणारी अकादमी. वुंडेड नीची कत्तल १८९० च्या डिसेंबरातली. म्हणजे ज्या सैन्यानं यांच्या लोकांना गोळ्या घातल्या त्या गोष्टीला तेव्हा पुरती बावीस वर्षंही झाली नव्हती. आणि यांतली बरीच पोरं अजून त्या देशाची नागरिकसुद्धा नव्हती, सगळ्या मूळ रहिवाशांना नागरिकत्व देणारा कायदा आला तो १९२४ मध्ये. आर्मीनं आधी ६ पॉइंट केले. मध्यंतराला कार्लाइल ७-६ नं पुढं. मग दुसऱ्या अर्ध्यात आर्मीला एक पॉइंट मिळाला नाही. निकाल २७-६. थॉर्पचं नाव सगळे घेतात, पण त्या दिवशी तीन टचडाउन (बॉल घेऊन समोरच्यांची शेवटची रेषा ओलांडणं) केले ॲलेक्स अर्कासानं, चौथा जो बर्गीनं. टीम चालवणारा क्वार्टरबॅक गस वेल्च. प्रशिक्षक ग्लेन वॉर्नर, ज्यांना सगळे 'पॉप' म्हणायचे. आर्मीकडून त्या दिवशी थॉर्पला पाडायला धडपडणाऱ्यांत ड्वाइट आयझेनहॉवर होते, पुढं अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष झाले तेच.

पुढच्या आठवड्यात पेनकडून, म्हणजे पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाकडून, ३४-२६ अशी मोसमातली एकमेव हार. २८ नोव्हेंबरला ब्राउनला ३२-० नं हरवून मोसम संपला. पण या दोन्हींच्या मधला २३ नोव्हेंबरचा सामना आमच्या धंद्यातल्या माणसांनी लक्षात ठेवण्यासारखा आहे. तो स्प्रिंगफील्डच्या वायएमसीए ट्रेनिंग स्कूलशी झाला. बास्केटबॉल १८९१ मध्ये ज्या शाळेत जन्मला तीच ही. आणि मद्रासला १९२० मध्ये शारीरिक शिक्षणाचं कॉलेज काढणारे एच. सी. बक याच स्प्रिंगफील्डचे विद्यार्थी. आज आपण जे बी.पी.एड. करतो त्याचं मूळ शोधत गेलं की मद्रास आणि मद्रासहून स्प्रिंगफील्ड लागतं. त्या स्प्रिंगफील्डला कार्लाइलनं ३०-२४ नं हरवलं आणि तीसच्या तीस पॉइंट एकट्या थॉर्पचे. चार टचडाउनचे चोवीस, टचडाउननंतरच्या जादा किकचे तीन, मैदानी गोलचे (खेळता खेळता लाथेनं मारलेल्या गोलचे) तीन. ही बेरीज मी फळ्यावर करून दाखवली तेव्हा पहिल्यांदा पोरांना तो माणूस खरा वाटायला लागला.

ती बेरीज जुळते कारण १९१२ मध्ये नियम बदलले होते. टचडाउन पाचाचा सहा झाला. दहा यार्ड जायला तीनऐवजी चार संधी मिळाल्या. मैदान ११० यार्डांवरून १०० वर आलं आणि दोन्ही टोकांना दहा-दहा यार्डांचा पट्टा जोडला. पुढं फेकलेल्या पासवरची वीस यार्डांची मर्यादा गेली. आणि बॉल थोडा सडपातळ केला. या शेवटच्या बदलासाठी मी अथणी गाठली.

पास हा प्रकारच तेव्हा नवा होता. १९०५ च्या मोसमात हा खेळ खेळताना १८ जण मेल्याचं शिकागो ट्रिब्यूननं छापलं. राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्टनी हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टनच्या लोकांना व्हाइट हाउसवर बोलावून घेतलं, आणि १९०६ पासून बॉल पुढं फेकायला परवानगी मिळाली. झुंडीनं एकमेकांवर पडण्यापेक्षा खेळ मोकळा व्हावा हा हेतू. मोठ्या कॉलेजांनी त्याकडं फारसं लक्ष दिलं नाही. कार्लाइलच्या पोरांनी मात्र १९०७ मध्येच बॉलला फिरकी देऊन लांब फेकायचं तंत्र बसवलं आणि पेनला २६-६ नं हरवलं. बॉल तेव्हा फेकण्याजोगा नव्हताच. तो किती नव्हता, हे हातात धरल्याशिवाय कसं कळणार?

आता कारागिराकडं येते.

घराला दुकानाची पाटी नाही. बाजारात चपलांच्या कुठल्याही दुकानी "हातशिलाईचं काम कोण करतंय" विचारलं की तिथं आणून सोडतात. घराच्या सोप्यातच काम चालतं. साठी ओलांडलेले मामा, काकू आणि धाकटा मुलगा. आमच्याशी मराठी, आपसात कन्नड, गिऱ्हाईक बघून दोन्ही. कोल्हापुरी चपलेला २०१९ मध्ये जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळाला तो दोन्ही राज्यांना मिळून, इकडचे बेळगाव, धारवाड, बागलकोट, विजापूर आणि तिकडचे कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर. त्यामुळं अथणीची चपल कोल्हापुरी कशी, असला वाद आता कुणी घालू नये. बाभळीची साल आणि हिरडा वापरून कमावलेलं म्हशीचं कातडं हे लोक वापरतात. खिळा नाही, शिलाई सगळी हाताची. मला याच शिलाईचा भरवसा होता. शहरातल्या एका स्पोर्ट्सच्या दुकानात मी आधी विचारलं होतं, तिथं सिंथेटिकच्या बॉलला तपकिरी रंग मारून देतो म्हणाले.

मी सोबत १९१२ च्या नियमांतलं माप लिहून नेलं होतं. लांबीच्या बाजूनं घेर २८ ते साडेअठ्ठावीस इंच, मधला घेर साडेबावीस ते २३ इंच, वजन १४ ते १५ औंस, म्हणजे साधारण ३९७ ते ४२५ ग्रॅम. आपल्या पाच नंबरच्या फुटबॉलचा घेर २७ ते २८ इंच असतो, त्यावरून अंदाज येईल. आजच्या अमेरिकन बॉलचा लांबीचा घेर जवळजवळ तेवढाच राहिला आहे, पण मधला घेर २१ इंचांच्या आसपास उतरला आहे. सगळा फरक पोटात आहे.

मामांनी कागद बाजूला ठेवला आणि दोरा घेतला. अठ्ठावीस इंच मोजून मधोमध दुमडला, चौदा. टोकापासून टोकापर्यंतची शिवण चौदाची. मग साडेबावीसचे चार भाग. "साडेपाच आणि वर एक सूत," तोंडानंच हिशोब. सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग. चार पाकळ्या, प्रत्येकीची मधली रुंदी एवढी, आणि शिलाईला दोन्ही बाजूंनी दोन-दोन सूत जास्त. पुठ्ठ्याचा फरमा तिथल्या तिथं कापला. आमच्या गणिताच्या सरांना मी हे सांगितलं तर त्यांनी वही काढून ताळा केला, बरोबर आला.

कापताना त्यांनी मला एक गोष्ट दाखवली. जनावराच्या पाठीचं कातडं घट्ट असतं, पोटाकडचं ताणतं. चारही पाकळ्या एकाच भागातल्या हव्यात, नाहीतर हवा भरल्यावर बॉल एका अंगाला फुगतो. पहिला बॉल तसाच झाला. कातडं कमी पडलं म्हणून दोन पाकळ्या कडेनं काढल्या होत्या. मी तो चालवून घेतला असता, कारण लांबून दिसत नव्हतं. मामांनी स्वतःच बाद केला आणि त्याचे पैसे लावले नाहीत. या एका गोष्टीसाठी मी कुणालाही त्यांच्याकडं पाठवायला तयार आहे.

शिवण उलटी घालतात. म्हणजे कातड्याची चांगली बाजू आत. आरीनं भोक, मग मेण ओढलेला दोरा दोन सुयांनी दोन्हीकडून त्याच भोकातून. प्रत्येक टाक्याला दोन्ही हात बाहेर ताणायचे. आत कापडाचं अस्तर, नाहीतर कातडं हळूहळू सैल होत जातं. सगळं शिवून झालं की एका पाकळीत ठेवलेल्या चिरेतून अख्खा बॉल उलटा करायचा. बघण्यासारखं काम हे आहे. चीर जेमतेम चार बोटं आत जातील एवढी, आणि म्हशीचं कातडं कडक. मामांनी तो पाण्यात भिजवून ठेवला होता. चपलेच्या कामातला एक गुळगुळीत लाकडी दांडका आत घालून एक टोक आतून ढकलत आणायचं, दुसऱ्या हातानं बाहेरून चोळत कातडं नरम करत राहायचं. मुलानं बॉल गुडघ्यांत दाबून धरला होता. बराच वेळ काहीच होईना. मग टोक चिरेत दिसलं, मामांनी दोन बोटांनी धरलं आणि बाकीचं सगळं एकदम बाहेर आलं. टोकावर जिथं चार शिवणी एकत्र येतात तिथं एक टाका सुटला नव्हता. मी मुद्दाम बोट फिरवून बघितलं.

ब्लॅडर मी नेलं होतं, रग्बीच्या बॉलचं. रग्बी बॉल थोडा मोठा असतो, पण हवा कमी भरली की बरोबर बसतं. चिरेवरची वादी काकूंनी ओवली. चपलेवरची वेणी त्याच घालतात, त्यामुळं वादी कुठं पिळली तर टोचेल आणि कुठं सपाट राहिली पाहिजे ते त्यांना सांगावं लागलं नाही. तेव्हाच्या बॉलला हवेचं तोंड वादीखाली दडवलेलं असायचं, तसंच केलं आहे. म्हणजे हवा भरायची तर वादी थोडी सोडावी लागते.

काम चालू असताना मी त्यांना कार्लाइलचे किस्से सांगत बसले होते. त्या शाळेतही जोडे आणि घोड्यांचं चामडी सामान करायला शिकवत, हे ऐकून मामांनी मान वर केली. १९०३ मध्ये हार्वर्डविरुद्ध चार्ल्स डिलन नावाच्या खेळाडूच्या जर्सीत पाठीकडं इलॅस्टिक शिवलं होतं. बॉल त्याच्या पाठीत खुपसला, हार्वर्डवाले बाकीच्यांना पाडत राहिले आणि तो पळत गेला. सामना हार्वर्डनंच १२-११ नं जिंकला, पण तो डाव आजही सांगतात. वॉर्नरनी १९०८ मध्ये जर्सीवर बॉलच्या आकाराचे चामड्याचे तुकडे शिवून घेतले, म्हणजे बॉल कुणाकडं आहे ते कळू नये, असाही किस्सा आहे. मामांना तो इलॅस्टिकचा डाव पटला. चामड्याचे तुकडे शिवणं मात्र चांगल्या कातड्याची नासाडी आहे म्हणाले.

आता मैदानावरचं. आम्ही शेजारी आजचा एक अमेरिकन बॉल ठेवला होता, ऑनलाइन मागवलेला. आधी सगळ्यांनी तो फेकला. दोन-चार फेकींत जमायला लागला. मग अथणीचा बॉल हातात दिला. एका हातात मावेना. बोटं वादीपर्यंत पोचतात पण पकड बसत नाही, तळहातावर नुसता तोलून धरावा लागतो. आमचा धिप्पाड गोलकीपर जोर लावून फेकायला गेला, बॉल आडवा गरगरत पायाशी पडला. सगळ्यांत चांगला फेकला तो हँडबॉल खेळणाऱ्या एका मुलीनं. ती खांद्यापेक्षा मनगटावर जास्त खेळते, बॉल सोडताना शेवटच्या क्षणी बोटं वादीवरून ओढली आणि बॉल फिरत, टोक पुढं करून गेला. मैदानावर पोरं ओरडली. मी तिला सांगितलं, हेच ते. कार्लाइलच्या पोरांनी १९०७ मध्ये याच्याहूनही जाड बॉलवर हे बसवलं.

दुसरी गोष्ट किकची. थॉर्प ड्रॉप किकचा राजा. बॉल हातातून जमिनीवर सोडायचा आणि टप्पा घेऊन उठताना लाथ घालायची. १९११ मध्ये हार्वर्डला १८-१५ नं हरवलं तेव्हा दुखऱ्या पायानं त्यानं चार मैदानी गोल मारले. तेव्हा टचडाउन पाचाचा होता, म्हणून हिशोब असा: गोलचे बारा, एक टचडाउन आणि त्यावरचा एक. आमच्या फुटबॉलच्या पोरांना आजच्या बॉलवर ड्रॉप किक अजिबात जमली नाही, टोकं निमुळती असल्यानं टप्पा कुठंही जातो. अथणीच्या बॉलवर मात्र थोड्या वेळात जमायला लागली, कारण टोक बोथट आहे आणि बॉल बराचसा सरळ उठतो. १९२९ आणि पुन्हा १९३४ मध्ये बॉल आणखी सडपातळ केला, पास सोपा झाला आणि ड्रॉप किक खेळातून जवळजवळ गेली. पुस्तकात हे वाक्य मी कितीदा वाचलं होतं. त्या दिवशी पोरांनी ते पायानं शिकून घेतलं, आणि एकानं घरी जाऊन १९१२ चे चौदाही निकाल वहीत उतरवून आणले. मी कुणाला सांगितलं नव्हतं.

उणिवा सांगायलाच हव्यात. पहिली, वजन. दुसरा बॉल किराणा दुकानाच्या काट्यावर ४८० ग्रॅम भरला, म्हणजे नियमापेक्षा बराच जड. म्हशीचं कातडं जाड आणि वर अस्तर. मी परत नेला, मामांनी त्याच फरम्यावर पातळ कातड्याच्या पाकळ्या घेतल्या, रापीनं आतून आणखी तासल्या आणि नवा शिवून दिला. तो ४४० वर आला. नियमाच्या वरच्या टोकाहून पंधरा ग्रॅम जास्त. शिकवायला चालतं, पण कुणी संग्रहालयासाठी मागवत असेल तर आधी बोलून घ्या. दुसरी, वादीची भोकं. दोन दुपारी खेळून एक भोक फाटायला लागलं. त्यांनी आतून चामड्याची पट्टी घालून पक्कं करून दिलं, पैसे घेतले नाहीत, पण ती पट्टी पहिल्यापासून हवी होती. तिसरी, पाणी. हे कातडं पाणी पितं. पहाटेच्या दवानं ओल्या गवतावर खेळलो तर बॉल जड झाला आणि वाळताना किंचित लांबोडका झाला. ही तक्रार म्हणून सांगत नाही, जुन्या बॉलांचंही असंच होत असणार. पण सांभाळावं लागतं. चौथी, वेळ. सांगितलेल्या तारखेला काम मिळालं नाही. फोन केला की उचलतात, खरं कारण सांगतात, पण तारीख पुढं जाते.

हेल्मेटबद्दल थोडक्यात. १९१२ मध्ये हेल्मेट सक्तीचं नव्हतं, कॉलेजच्या खेळात सक्ती आली ती १९३९ मध्ये, त्यामुळं बरेच खेळाडू उघड्या डोक्यानंच खेळायचे. मी फोटो दाखवून करून घेतलं. शिलाई तीच, सुबक. पण कानावरच्या पट्ट्या कडक आहेत, आत मऊ काही नाही, आणि घातल्यावर पाचव्या मिनिटाला कान लाल होतात. प्रदर्शनाच्या टेबलावर छान दिसतं. मुलांना घालून खेळू देऊ नका, डोक्याचं संरक्षण म्हणून त्याचा काही उपयोग नाही.

पैसे: बॉलचे १,८०० रुपये, हेल्मेटचे १,४००, ब्लॅडर माझं वेगळं. ऑनलाइन मिळणारा साधा रेक्झिनचा बॉल याहून स्वस्त पडतो, हे खरं. पण चार पाकळ्यांची हातशिलाई, परत नेल्यावर एक शब्द न बोलता नव्यानं करून दिलेलं काम आणि त्यात गेलेले तीन माणसांचे हात बघता मला हा भाव कमीच वाटला. कॉलेजच्या खर्चात बसवायला बिल लागतं. ते हातानं लिहून, सही करून देतात, छापील पावती नाही. आमच्या ऑफिसनं ते मान्य केलं, तुमच्याकडं आधी विचारून घ्या.

काम द्यायचं तर उन्हाळ्यात द्या. पावसाळ्यात कातडं वाळत नाही आणि गणपती-दिवाळीच्या आधी त्यांच्याकडं चपलांची गर्दी असते. निपाणीहून चिक्कोडीमार्गे कृष्णा ओलांडून जायचं, सकाळी लवकर निघालं की दुपारी बोलणं करून संध्याकाळी घरी येता येतं. निम्मे पैसे आधी घेतात. ब्लॅडर आपलं आपण न्या. बॉल घरी आणल्यावर उन्हात ठेवू नका, महिन्यातून एकदा एरंडेलाचा हलका हात फिरवा आणि वापर नसेल तेव्हा थोडी हवा काढून ठेवा. १९१२ चा फरमा मामांनी भिंतीवर खिळ्याला अडकवून ठेवला आहे, त्यामुळं माप पुन्हा सांगायची गरज नाही. वजन मात्र आधीच ठरवून, कागदावर लिहून द्या.